विचारण्याचा अधिकार

(मंडळाच्या वर्धापनदिनाच्या समारंभात दिलेले व्याख्यान)



वर्धापनदिनाच्या समारंभात कायद्याचा विषय निघाला, की ‘हे कशाला आता?’ असे बसलेल्यांच्या मनात येणे साहजिक आहे. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे तर आपण लहानपणापासून ऐकत आलो. परंतु आज मी ज्या दाव्यांविषयी बोलणार आहे, ते भाऊबंदकीचे नाहीत आणि बांधावरचेही नाहीत. सरकारी कारभाराबद्दल तुमची-आमची गाऱ्हाणी ऐकण्यासाठी जो अधिकारी नेमलेला असतो, त्यालाच सरकारी संस्थांनी उलट विचारले, ‘आमच्या कारभारात डोकावण्याचा तुम्हांला अधिकारच काय?’ तो प्रश्न न्यायाधीशांपुढे गेला. त्याचा निकाल काय लागला, आणि त्यातून आपण काय घ्यायचे, एवढेच मला सांगायचे आहे.

प्रथम, असा अधिकारी लागतोच कशाला ते पाहू. नळाला पाणी येत नाही, एखाद्या विधवा बहिणीचे निवृत्तिवेतन अडले आहे, मुलाच्या दाखल्यासाठी सहा खेपा झाल्या आहेत. अशा वेळी आपण काय करतो? त्याच कचेरीत जाऊन त्याच कारकुनाच्या साहेबाला भेटतो. साहेब म्हणतात, ‘चौकशी करतो.’ ती चौकशी फिरून त्याच कारकुनाच्या टेबलावर येते, आणि ‘तक्रारीत तथ्य नाही’ असा शेरा घेऊन परत जाते. ज्याच्याविरुद्ध गाऱ्हाणे, त्याच्याच हाती निवाडा! चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या देण्यासारखेच हे झाले. कोर्टाचा रस्ता मोकळा असतो खरा; पण दाखल्यासाठी वकील कोण लावणार?

ही अडचण स्वीडन देशाने फार पूर्वी ओळखली. तिकडचा राजा बारावा चार्ल्स लढाईत हरून तुर्कांच्या मुलखात अडकून पडला होता. मागे आपले अधिकारी कायद्याप्रमाणे वागतात की नाही, हे पाहण्यासाठी त्याने १७१३ साली एक अधिकारी नेमला. पुढे १८०९ च्या राज्यघटनेने हेच काम राजाच्या नव्हे, तर पार्लमेंटच्या माणसाकडे दिले. त्याचे नाव ऑम्बुड्समन, म्हणजे दुसऱ्याच्या वतीने काम पाहणारा. १९६२ साली न्यूझीलंडने ही पद्धत घेतली आणि तेथून ती जगभर पसरली. हा अधिकारी कोणाला तुरुंगात टाकत नाही, दंड करीत नाही. तो कागद मागवतो, माणसांना प्रश्न विचारतो, आणि काय चुकले व ते कसे सुधारावे हे लिहून जाहीर करतो.

तुम्ही म्हणाल, मग अशा माणसाला भिण्याचे कारण काय? गंमत इथेच आहे. ज्याच्या हातात ना काठी ना बेडी, त्याला दूर ठेवण्यासाठी मोठमोठ्या संस्थांनी मोठमोठे वकील उभे केले. कारण उजेडाइतके दुसरे कशाचेही भय नसते.

पहिली गोष्ट कॅनडाची. त्या देशाच्या पश्चिमेला ब्रिटिश कोलंबिया नावाचा प्रांत आहे. तेथील न्यू वेस्टमिन्स्टर या गावी नदीकाठच्या जमिनीचा विकास करण्याचे काम एका सरकारी महामंडळाकडे आणि त्याच्या पोटकंपनीकडे होते. त्या जागेत ‘किंग नेपच्यून’ नावाचे एक उपाहारगृह भाड्याने होते. जागेसंबंधी महामंडळाशी बरीच बोलणी झाली, पण शेवटी ती फिसकटली. आपल्याशी नीट व्यवहार झाला नाही असे वाटून उपाहारगृहवाल्यांनी प्रांताचे ऑम्बुड्समन कार्ल फ्रीडमन यांच्याकडे गाऱ्हाणे नेले. फ्रीडमन यांनी चौकशी हाती घेताच महामंडळ कोर्टात धावले. त्यांचे म्हणणे असे, की ऑम्बुड्समनला ‘प्रशासनाच्या बाबी’ तपासण्याचा अधिकार आहे. आम्ही जमीन कोणाला द्यावी हा आमचा धंद्याचा प्रश्न आहे, प्रशासनाचा नव्हे. सबब त्यांनी आमच्याकडे पाहूच नये.

युक्तिवाद वरवर पटण्याजोगा होता, आणि प्रांताच्या अपील कोर्टात निकाल ऑम्बुड्समनच्या विरुद्ध गेला. पण कॅनडाच्या सुप्रीम कोर्टाने १९८४ च्या नोव्हेंबरात तो एकमताने फिरवला. न्यायमूर्ती ब्रायन डिक्सन यांनी निकालपत्रात या पदाचा सबंध इतिहास सांगितला. लोकांची गाऱ्हाणी दूर व्हावीत म्हणून केलेला कायदा उदारपणे वाचला पाहिजे, असे त्यांनी म्हटले; आणि सरकारी धोरण अमलात आणताना सरकारी संस्था जे जे करते ते सर्व प्रशासनच होय, मग त्याला धंद्याचे नाव द्या की आणखी कशाचे. कायदेमंडळाचे आणि न्यायालयांचे काम तेवढे ऑम्बुड्समनच्या कक्षेबाहेर.

या निकालाने उपाहारगृहाला जमीन मिळाली नाही. तो प्रश्न कोर्टापुढे नव्हताच. गाऱ्हाणे खरे की खोटे, हेही कोर्टाने ठरवले नाही. ठरले ते इतकेच, की ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याने दाराला आतून कडी घालून ‘तुम्ही बाहेरच थांबा’ असे म्हणायचे नाही. सरकारी पैशाने धंदा करणारी महामंडळे आपल्याकडेही पुष्कळ आहेत. एस. टी. आहे, वीज आहे, घरबांधणी आहे. ‘हा आमचा अंतर्गत व्यवहार आहे’ हे वाक्य आपल्या कानांनाही ओळखीचे आहे. म्हणून हा निकाल इतक्या दूरचा असूनही मी प्रथम सांगितला.

पाहण्याचा अधिकार मान्य झाला, की पुढचा प्रश्न उभा राहतो: पाहून जे सांगितले, ते ऐकायचे की नाही? यासाठी आपल्याला दक्षिण आफ्रिकेत जावे लागेल. वर्णभेदाची राजवट संपल्यावर त्या देशाने १९९६ साली नवी राज्यघटना केली. अनेक वर्षे सरकारनेच जुलूम केलेला होता. म्हणून घटनेच्या नवव्या प्रकरणात सरकारवर नजर ठेवणाऱ्या स्वतंत्र संस्था निर्माण केल्या. त्यांपैकी एक ‘पब्लिक प्रोटेक्टर’, म्हणजे लोकरक्षक. मुदत सात वर्षे, पुन्हा नेमणूक नाही, आणि दूर करायचे तर नॅशनल असेंब्लीत दोन तृतीयांश मते हवीत. या पदाला चौकशी करण्याचा, अहवाल देण्याचा, आणि ‘योग्य ती उपाययोजना करण्याचा’ अधिकार घटनेनेच दिला. हे शेवटचे चार शब्द लक्षात ठेवा. पुढचे सगळे भांडण त्यांच्यावरूनच झाले.

२००९ च्या ऑक्टोबरात या पदावर प्रथमच एक स्त्री आली. तिचे नाव थुली मादोन्सेला. सोवेटो या वस्तीत जन्मलेली, वकिली शिकलेली, आवाजाने अगदी मृदू. या बाईंनी २०१४ च्या आरंभी दोन अहवाल दिले आणि दोहोंवरून वादळ उठले.

पहिला अहवाल तिकडच्या सरकारी नभोवाणी-दूरदर्शन महामंडळाविषयी होता. तेथील एक वरिष्ठ अधिकारी ह्लाउदी मोत्सोएनेंग यांनी आपण मॅट्रिक असल्याचे खोटेच सांगितले होते, आणि एका वर्षात त्यांचा पगार १५ लाख रँडवरून २४ लाखांवर गेला होता, असे मादोन्सेलाबाईंना आढळले. त्यांच्यावर शिस्तीची कारवाई करा, असे बाईंनी अहवालात सांगितले. महामंडळाने काय केले? स्वतःच वकिलांची एक संस्था नेमली, तिच्याकडून अहवालाची ‘फेरतपासणी’ करून घेतली, आणि जुलै २०१४ मध्ये त्याच गृहस्थांना त्याच जागी कायम करून टाकले! आपल्या घरात असे पाहिलेच आहे ना? शाळेतून मुलाच्या प्रगतिपुस्तकावर लाल शेरा आला, की आपणच दुसरी वही काढून त्यावर ‘उत्तम’ लिहायचे.

विरोधी पक्ष कोर्टात गेला. केप टाऊनच्या हायकोर्टाने ऑक्टोबर २०१४ मध्ये मधला मार्ग काढला. लोकरक्षकाचे म्हणणे कोर्टाच्या हुकमासारखे बांधील नाही, पण सबळ कारणाशिवाय ते डावलताही येणार नाही, असे न्यायमूर्ती म्हणाले. ८ ऑक्टोबर २०१५ रोजी तेथील वरिष्ठ अपील कोर्ट याच्याही पुढे गेले. अहवाल पटत नसेल तर कोर्टात जाऊन तो रद्द करून घ्या, पण स्वतःच दुसरी चौकशी उभारून तो बाजूला सारण्याचा हक्क तुम्हांला नाही, असे त्याने बजावले.

दुसरा अहवाल थेट राष्ट्राध्यक्षांविषयीचा. गांधीजींच्या फिनिक्स वसाहतीमुळे नाताळ हे नाव आपल्याला परिचित आहे. त्याच प्रांतात एन्कांडला येथे राष्ट्राध्यक्ष जेकब झुमा यांचे खाजगी घर होते. सुरक्षेच्या नावाखाली त्या घरावर सरकारी तिजोरीतून सुमारे २४ कोटी ६० लाख रँड खर्च होणार, असा हिशेब निघाला. वर्तमानपत्रांत बातम्या आल्या आणि साध्या नागरिकांनीही लोकरक्षकाकडे तक्रारी केल्या. मार्च २०१४ मध्ये मादोन्सेलाबाईंनी ४०० हून अधिक पानांचा अहवाल प्रसिद्ध केला. राष्ट्राध्यक्षांना सुरक्षा हवीच, हे त्यांनी मान्य केले. पण पोहण्याचा तलाव, गुरांचा गोठा, कोंबड्यांचे खुराडे, पाहुण्यांसाठी इमारत आणि पायऱ्यापायऱ्यांचे खुले प्रेक्षागार, यांचा सुरक्षेशी काय संबंध? त्या खर्चाचा वाजवी भाग राष्ट्राध्यक्षांनी खिशातून भरावा, असे त्यांनी लिहिले.

पुढची दोन वर्षे टोलवाटोलवीत गेली. पोलीसमंत्र्यांनी मे २०१५ मध्ये आपला स्वतंत्र अहवाल दिला. पोहण्याचा तलाव हा मुळी पोहण्याचा नव्हेच, आग विझवण्यासाठी पाणी साठवण्याची ती सोय आहे, सबब राष्ट्राध्यक्ष काहीही देणे लागत नाहीत, असा त्याचा निष्कर्ष होता. नॅशनल असेंब्लीने बहुमताने त्यावर मान डोलावली. येथे एक गोष्ट ध्यानात घ्या. मंत्री राष्ट्राध्यक्षांनी नेमलेले, आणि चौकशी राष्ट्राध्यक्षांचीच!

अखेर दोन विरोधी पक्षांनी घटना न्यायालयाचे दार ठोठावले. सुनावणी तोंडावर आल्यावर राष्ट्राध्यक्षांनी पैसे भरण्याची तयारी दाखवली; पण आता प्रश्न पैशांपुरता उरला नव्हता. ३१ मार्च २०१६ रोजी सरन्यायाधीश मोगोएंग मोगोएंग यांनी एकमताचा निकाल वाचून दाखवला. घटनेने ‘योग्य ती उपाययोजना’ करण्याचा अधिकार दिला, आणि ज्याच्यावर ती करायची त्यानेच ती वाटल्यास पाळावी, वाटल्यास सोडावी असे ठरले, तर त्या शब्दांना अर्थ काय राहिला? सामान्य जनता ही दावीद आणि भ्रष्टाचार हा गोलियथ राक्षस, असा बायबलातील दाखला देऊन, त्या दावीदाचेच रूप म्हणजे लोकरक्षक, असे त्यांनी म्हटले. राष्ट्राध्यक्षांनी घटनेचा मान राखला नाही, आणि त्यांना जाब विचारणे हे जिचे काम, त्या नॅशनल असेंब्लीनेही ते केले नाही, असा स्पष्ट ठपका न्यायालयाने ठेवला. पुढे अर्थखात्याने रक्कम ठरवली. ती सुमारे ७८ लाख रँड झाली, आणि सप्टेंबर २०१६ मध्ये राष्ट्राध्यक्षांना ती भरावी लागली.

मैत्रिणींनो, २४ कोटींपुढे ७८ लाख म्हणजे काहीच नव्हे, असे कोणी म्हणेल. रकमेकडे पाहू नका. देशाच्या सर्वोच्च खुर्चीवरील माणसाला गोठ्याचे आणि खुराड्याचे पैसे चुकते करावे लागले, आणि तेही एका बाईने शांतपणे हिशेब मांडला म्हणून. घरखर्चाची वही लिहिणाऱ्या आपणांपैकी प्रत्येकीला त्यातले मोल कळेल.

आता नाण्याची दुसरी बाजू सांगितली पाहिजे, नाहीतर माझे बोलणे एकतर्फी होईल. मादोन्सेलाबाईंची मुदत २०१६ च्या ऑक्टोबरात संपली आणि बुसिसिवे म्ख्वेबाने या बाई त्या जागी आल्या. जून २०१७ मध्ये त्यांनी एका जुन्या बँकव्यवहाराविषयी अहवाल दिला आणि त्यात एका बँकेने १ अब्ज १२ कोटींहून अधिक रँड परत करावेत असे सांगितले. एवढ्यावर न थांबता, रिझर्व्ह बँकेच्या कामाविषयीचे राज्यघटनेतील कलमच बदला, असे त्यांनी पार्लमेंटला फर्मावले! रिझर्व्ह बँक कोर्टात गेली. यावेळी कोर्टाने सरकारी संस्थेची बाजू उचलून धरली. घटना दुरुस्त करण्याचा हुकूम देणे हे लोकरक्षकाचे काम नव्हे. त्यांनी चौकशीही निःपक्षपणे केली नाही, असे म्हणून अहवालातील त्या आज्ञा रद्द झाल्या. इतकेच नव्हे, तर खर्चाचा १५ टक्के भाग बाईंनी स्वतःच्या पदरचा द्यावा, हा हुकूम घटना न्यायालयाने जुलै २०१९ मध्ये बहुमताने कायम केला. पुढे सप्टेंबर २०२३ मध्ये नॅशनल असेंब्लीने दोन तृतीयांशाहून अधिक मतांनी त्यांना पदावरून दूर केले.

म्हणजे पद तेच, कायदा तोच, आणि दोघीही स्त्रियाच. पण निकाल निराळे. यात विसंगती नाही. दोन्ही वेळी न्यायालयाने एकच तत्त्व लावले. लोकरक्षकाचे म्हणणे पाळलेच पाहिजे, मात्र ते चूक वाटल्यास न्यायालयात जाऊन, चारचौघांसमोर, कारणे देऊन ते खोडून काढण्याची मुभा आहे. नभोवाणी महामंडळाने ते केले नाही, त्याने अहवाल गुंडाळून ठेवला. रिझर्व्ह बँकेने तो रीतसर न्यायालयात नेला आणि ती जिंकली. हरकत घेणे हा गुन्हा नव्हे. केराची टोपली दाखवणे हा गुन्हा. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण येथे मात्र उलटी करून घेतली पाहिजे. शहाण्या संस्थेने पायरी चढावी, पण पाठीमागच्या दाराने पळू नये.

आता आपल्या अंगणात येऊ. ऑम्बुड्समनला ‘लोकपाल’ हे सुंदर नाव लक्ष्मीमल्ल सिंघवी यांनी १९६३ साली दिले. मोरारजी देसाई यांच्या अध्यक्षतेखालील प्रशासन सुधारणा आयोगाने १९६६ साली, केंद्रात लोकपाल आणि राज्यांत लोकायुक्त असावेत, अशी शिफारस केली. आपल्या महाराष्ट्राने १९७१ साली कायदा करून १९७२ मध्ये लोकायुक्ताची कचेरी उघडली; हे काम करणाऱ्या राज्यांत आपण अगदी पुढे होतो. केंद्राचा लोकपाल कायदा मात्र २०१३ साली झाला आणि पहिले लोकपाल २०१९ मध्ये आले. या संथपणावर मी अधिक बोलत नाही.

१९७१ च्या कायद्याची रचना अशी, की लोकायुक्ताने चौकशी करून संबंधित वरिष्ठाकडे शिफारस करायची; त्याने तीन महिन्यांत काय केले ते कळवायचे; समाधान झाले नाही, तर लोकायुक्ताने राज्यपालांना खास अहवाल द्यायचा आणि तो विधिमंडळापुढे ठेवला जायचा. म्हणजे त्या शिफारशीला दक्षिण आफ्रिकेतल्यासारखी सक्ती नव्हती. तिचे बळ विधिमंडळाच्या आणि लोकांच्या जागरूकतेवर अवलंबून होते. विधिमंडळाने अहवाल वाचला, प्रश्न विचारले, तर बळ. कपाटात ठेवला तर धूळ.

‘कोणाकडे पाहण्याचा अधिकार?’ हा वादही आपल्याकडे आलाच. जानेवारी २०२५ मध्ये लोकपालांनी, हायकोर्टाचे न्यायाधीश आपल्या कक्षेत येतात, असा आदेश दिला. पुढच्याच महिन्यात, २० फेब्रुवारीला, सुप्रीम कोर्टाने आपण होऊन दखल घेतली आणि त्या आदेशाला स्थगिती दिली. कॅनडातही न्यायालयांचे काम ऑम्बुड्समनच्या कक्षेबाहेर मानले गेले, हे मी मघाशी सांगितलेच. न्यायाधीश निर्भय राहावेत, हे त्यामागचे कारण खरे आहे. पण ज्याचा प्रश्न त्यानेच सोडवायचा, ही अडचण येथेही डोके वर काढते. तिचे उत्तर सोपे नाही, आणि ते सोपे आहे असे मी तुम्हांला भासवणार नाही.

मग या साऱ्यात आपण बायकांनी काय करायचे? कायदे आपल्या हाती नाहीत, पण गाऱ्हाणे नीट मांडणे आपल्या हाती आहे. वरच्या सगळ्या गोष्टींची सुरुवात कोणा एका नागरिकाच्या कागदापासून झाली. गाऱ्हाणे तोंडी सांगू नका, लिहा. तारीख घाला. पोच घ्या. नक्कल घरी ठेवा. रागाने चार शब्द अधिक लिहू नका. मादोन्सेलाबाईंच्या आवाजापेक्षा त्यांचे आकडे मोठ्याने बोलले. आणि ‘हे तुमच्या अधिकारात येत नाही’ असे कोणी म्हणाले, तर घाबरून घरी न परतता नम्रपणे विचारा, ‘मग कोणाच्या अधिकारात येते, तेवढे लिहून द्या.’ एकटीला हे जड जाते. पाचजणी मिळून गेल्या की कचेरीतील खुर्च्या आपोआप सरकतात. मंडळ असते ते यासाठीही.

ज्या कारभाराचा खर्च आपण सोसतो, त्याला प्रश्न विचारणे हा उद्धटपणा नव्हे. आपल्या वतीने विचारणारा कोणी नेमलेला असेल, तर त्याचा आवाज दाबला जात नाही ना, हे पाहणे हेही आपलेच काम. ते करण्याची शक्ती या मंडळाला उत्तरोत्तर लाभो, अशी शुभेच्छा व्यक्त करते.